घरकुल पक्के हवेच; पण सारे सिमेंटचेच कशाला?

'घर पाहावे बांधून अन् लग्न पाहावे करून' असे आपले वाडवडील म्हणत आले. त्यातले लग्न आता मंगल कार्यालयवाल्याच्या हातात गेले आणि घर गेले सिमेंटच्या दुकानदाराच्या हातात. किनवट तालुक्यात आज कोणत्याही गावात जा, बोधडीला जा की मांडवीला, इस्लापूरला जा की एखाद्या तांड्यावर, घरकुलाचे काम चाललेले दिसते. चांगली गोष्ट आहे. गरिबाच्या डोक्यावर पक्के छप्पर आलेच पाहिजे, त्याबद्दल दुमत नाही. दुमत आहे ते पक्के म्हणजे काय, यावर.

शेतकरी बांधवांनो, हवामान बदलले हे तुम्हाला कोणी शिकवायला नको. मृगात पेरणी, हस्तात काढणी हे गणित कधीच मोडले. महिनाभर उघडीप, मग दोन दिवसांत ढगफुटी. ऐन काढणीत सोयाबीन भिजते, बोंडे फुटताना कापूस काळा पडतो. हवेत कार्बन डायऑक्साइड, म्हणजे कर्बवायू, वाढला म्हणून हे होते, हेही आता सगळ्यांच्या कानावर आहे. पण हा वायू येतो कुठून असे विचारले की आपण बोट दाखवतो मोटारींकडे, कारखान्यांच्या धुराड्यांकडे. संयुक्त राष्ट्रांच्या पर्यावरण विभागाचा हिशेब मात्र असा, की जगातल्या ऊर्जेतून आणि उद्योगांतून निघणाऱ्या कर्बवायूचा एक तृतीयांशाहून अधिक हिस्सा इमारती बांधण्यातून आणि त्या वापरण्यातून येतो. एकट्या सिमेंटचा वाटा शंभरात सात ते आठ!

पोत्यातला धूर

सिमेंटमधून धूर कसा येतो, असे कोणी विचारेल. पोते तर थंडगार असते. पण त्याची जन्मकथा ऐका. सिमेंट होते चुनखडीपासून. चुनखडी मातीसोबत भट्टीत घालून चौदा-साडेचौदाशे अंश सेल्सिअसपर्यंत तापवतात. त्यासाठी कोळसा जळतो, तो धूर वेगळाच. पण खरी गोम पुढे आहे. चुनखडी तापली की तिच्या पोटातला कर्बवायू सुटतो. शंभर किलो शुद्ध चुनखडी भाजली तर चव्वेचाळीस किलो वायू हवेत जातो. कोळशाऐवजी उद्या सूर्याच्या उष्णतेवर भट्टी चालवली तरी हा वायू सुटणारच, कारण तो दगडातच आहे. चंद्रपूर जिल्ह्यातील गडचांदूर, आवारपूर, घुग्घूसचे कारखाने, यवतमाळ जिल्ह्यातील मुकुटबनचा कारखाना, सगळ्यांना हा नियम एकच. आपल्या शेजारी आदिलाबादलाही केंद्र सरकारचा सिमेंट कारखाना होता; १९९० च्या दशकाअखेर तो बंद पडला. चुनखडीचा पट्टा आपल्या उशाशीच आहे, म्हणून तर सिमेंट आपल्याला इतके सवयीचे झाले.

आता एका घरकुलाचा ढोबळ हिशेब मांडू. घरकुल किमान २५ चौरस मीटरचे, म्हणजे सुमारे २६९ चौरस फुटांचे. सध्याच्या पद्धतीने कॉलम, बीम, स्लॅब, आतबाहेर गिलावा केला तर शंभरेक पोती, म्हणजे पाच टन सिमेंट लागते. सिमेंटच्या टनामागे सहाशे ते आठशे किलो कर्बवायू धरा. झाले तीन ते चार टन. सात-आठ हजार विटा लागतात. भट्टीत हजार विटांना दीड-दोनशे किलो कोळसा जळतो. तिथले झाले दोन-अडीच टन. गजाळी सात-आठशे किलो. पोलादाच्या टनामागे दोन टनांहून जास्त वायू निघतो, म्हणजे आणखी दीड-दोन टन. बेरीज सात-आठ टनांच्या घरात. एक लिटर डिझेल जाळले की सुमारे पावणेतीन किलो कर्बवायू निघतो. म्हणजे एका लहानशा घरकुलामागे अडीच ते तीन हजार लिटर डिझेल जाळल्यासारखे झाले. एवढ्या डिझेलवर लहान शेतकऱ्याची नांगरट किती वर्षे निघेल, ते तुम्हीच सांगा.

आणि घरकुले काही दहा-वीस नाहीत. २०१६ साली प्रधानमंत्री आवास योजना-ग्रामीण सुरू झाली तेव्हा २ कोटी ९५ लाख घरांचे उद्दिष्ट होते. २०२४ साली आणखी २ कोटी घरांना मंजुरी मिळाली. वरच्याच पद्धतीने ही २ कोटी घरे बांधली तर चौदा ते सोळा कोटी टन कर्बवायू. त्यात आपल्याकडची शबरी, रमाई योजनांची घरे वेगळीच.

'मग काय गरिबाने कुडातच राहायचे?'

इथे कोणी उठून म्हणेल, "वा रे वा! वातावरण नासवले मुंबई-दिल्लीने, अमेरिका-युरोपाने. आणि आता कोलामाच्या घरकुलातली पोती मोजायला निघालात? त्यांच्या तीस-तीस मजली इमारती मोजा की आधी!" हा राग खोटा नाही. आपल्या तालुक्यातल्या गोंड, आंध, कोलाम, बंजारा कुटुंबाने जन्मभरात जेवढा धूर सोडला असेल तेवढा एखादा शहरी बंगला चार-दोन वर्षांत सोडत असेल. न्यायाने पाहिले तर हिशेब आधी त्यांच्याकडे मागायला हवा, आणि तो मागितलाच पाहिजे.

पण मी सांगतो आहे ते त्यागाचे नाही, फायद्याचे आहे. घरकुलाचे केंद्राचे मूळ अनुदान साध्या भागात १ लाख २० हजार आणि डोंगरी-दुर्गम भागात १ लाख ३० हजार. एवढ्यात कॉलम-स्लॅबचे घर उभे राहत नाही, हे सरपंचापासून शिपायापर्यंत सगळ्यांना ठाऊक आहे. मग माणूस काय करतो? सावकाराकडे जातो, बचत गटाचे कर्ज उचलतो, बायकोच्या गळ्यातले मोडतो. तरी गिलावा राहतोच, दारे राहतातच. जास्त सिमेंट म्हणजे जास्त धूर आणि जास्त कर्ज. दोन्ही एकाच पोत्यातून येतात. धूर कमी करायचा रस्ता आणि कर्ज कमी करायचा रस्ता इथे एकच आहे, म्हणून तर लिहायचे.

किल्लारी विसरून चालणार नाही

दुसरा आक्षेप जास्त गंभीर आहे, आणि मराठवाड्यात तो टाळून पुढे जाता येत नाही. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी किल्लारीची धरणी हलली. लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यात सुमारे आठ हजार माणसे दगडमातीखाली गेली. त्या दिवसापासून आपल्या मनात एक समीकरण पक्के बसले: दगडमातीचे घर म्हणजे मरण, स्लॅबचे घर म्हणजे जीवदान. अलीकडे २०२४ च्या मार्चमध्ये आणि पुन्हा जुलैमध्ये हिंगोली भागात ४.५ तीव्रतेचे धक्के बसले, ते नांदेडकरांनाही जाणवले. त्यामुळे भीती ताजी आहे.

पण किल्लारीने नेमके काय शिकवले ते नीट पाहिले पाहिजे. तिथल्या भिंती दोन-तीन फूट जाडीच्या, पण दोन पदरी. बाहेरचा दगड वेगळा, आतला वेगळा, मध्ये माती आणि खडे भरलेले. दोन्ही पदर शिवणारा आरपार दगड नाही. कोपऱ्यात सांधा नाही. वर माळवद, गळती थांबावी म्हणून दरसाल वर पांढरी माती टाकून टाकून त्याचा बोजा वाढलेला. एक फूट जाडीची माती चौरस मीटरला जवळजवळ पाचशे किलो भरते. हादरा बसला तेव्हा भिंतीचे पदर उकलले आणि माणसांवर आले. मात्र जिथे माळवदाचा भार लाकडी खांब-तुळयांच्या सांगाड्यावर होता, तिथे पुष्कळ ठिकाणी भिंती ढासळूनही सांगाडा उभा राहिला, हेही नंतरच्या पाहणीत दिसले. बांबू-कुडाच्या हलक्या झोपड्यांनी तर फारसा जीव घेतला नाही.

म्हणजे दोष मातीचा नव्हता. दोष होता न बांधलेल्या भिंतीचा आणि जड छपराचा. भारतीय मानक संस्थेने १९९३ मध्येच मातीच्या आणि कच्च्या दगडी घरांसाठी भूकंपरोधक बांधणीची मानके काढली. १३८२७ आणि १३८२८ हे त्यांचे क्रमांक. ग्रामीण गृहनिर्माण अभियंत्यांनी ती जवळ ठेवावीत. सार एवढेच: जोत्याला एक पट्टा, दारे-खिडक्यांच्या वर सलग एक पट्टा, कोपऱ्यात उभा गज, दगडी भिंतीत ठराविक अंतरावर आरपार दगड, आणि छप्पर हलके. पेटीला चारी बाजूंनी पट्टी ठोकली की ती आपटली तरी उकलत नाही, तसेच हे. आणि उलटेही सांगतो: हलक्या हाताने ओतलेला, पाणी न पाजलेला, चार गजांचा कॉलम भूकंपात वाचवत नाही. सिमेंट वापरले म्हणजे घर मजबूत झाले, हा समज किल्लारीइतकाच धोक्याचा आहे.

करता येण्यासारखे काय?

पहिली गोष्ट कॉलमची. एक मजली, दोन खोल्यांच्या घराला कॉलम लागतच नाहीत. नऊ इंची चांगल्या भाजलेल्या विटांची भिंत स्वतःच भार पेलते. वर सांगितलेले पट्टे आणि कोपऱ्याचे गज घातले की काम झाले. कॉलम आला तो तालुक्याच्या ठिकाणची दुकाने पाहून. "पुढे पोरगा मजला चढवील" म्हणून गज वर सोडायचे, आणि ते वीस-वीस वर्षे गंजत उभे राहायचे, हे आपण पाहतोच. खरोखरच मजला चढवायचा असेल तर अभियंत्याला आधी सांगा, पाया तसा घेता येतो. कॉलम गेले की गजाळी निम्म्यावर येते. साठ रुपये किलो धरले तरी चारशे किलोचे चोवीस हजार वाचले!

दुसरी गोष्ट पायाची. काळ्या जमिनीत पाया घालताना मुरूम लागेपर्यंत खोदा. मुरूम खोल असेल तर काळी माती काढून तिच्या जागी मुरूम ठोकून भरा आणि वर जोत्याचा पट्टा घ्या. काळी माती उन्हाळ्यात आकसते, पावसाळ्यात फुगते; तडे त्याने जातात, सिमेंट कमी पडले म्हणून नव्हे. सिमेंट ओतून काळी माती शांत होत नाही.

तिसरी विटेची. भट्टीवाला येतो, काठावरच्या शेतातला दोन-तीन फूट पोयटा मागतो, रोख पैसे मोजतो. आपण देऊन बसतो. ती माती तयार व्हायला पिढ्या गेल्या. विकायला एक हंगाम लागत नाही. म्हणून विटा कमीच लागतील असे बांधावे. लॉरी बेकर या केरळात राहिलेल्या वास्तुरचनाकाराने विटा आडव्या न ठेवता उभ्या ठेवून, मध्ये पोकळी सोडून भिंत रचायची पद्धत रूढ केली. गवंडी तिला 'रॅट ट्रॅप' म्हणतात. नऊ इंचीच भिंत होते, पण विटा पाव हिश्श्याने वाचतात, मालही वाचतो, पोकळीमुळे घर थंड राहते आणि कोपऱ्याचा उभा गज त्या पोकळीतच बसतो. दुसरा पर्याय न भाजलेल्या विटेचा. लाल मुरमाड मातीत शेकडा पाच ते सात सिमेंट मिसळून हाताच्या यंत्रात दाबलेली वीट. बंगलोरच्या भारतीय विज्ञान संस्थेने १९७४ पासून खेड्यांसाठी हे तंत्र घडवले. भट्टी नाही, जळण नाही. काळी माती मात्र याला चालत नाही. औष्णिक केंद्राच्या राखेच्या विटाही चांगल्या. पण त्या दोनशे किलोमीटरवरून ट्रकने आणल्या तर वाचलेला धूर रस्त्यात जाईल. जवळ मिळाल्या तर घ्या.

चौथी सिमेंटची. दुकानात 'पी.पी.सी.' लिहिलेले पोते मागा. त्यात औष्णिक केंद्राची राख मिसळलेली असते, म्हणून भाजलेली चुनखडी कमी. घराच्या सगळ्या कामाला ते चालते. फक्त पाणी जास्त दिवस मारावे लागते. स्लॅब घालायचाच असेल तर त्याच्या खालच्या अर्ध्या थरात गजांच्या चौकटीत जुनी कौले मांडून मग काँक्रीट ओता. तिथल्या काँक्रीटला तसेही काम नसते. पाव हिश्श्याच्या आसपास माल वाचतो. हे कमी करा, ते कमी करा, सगळे जमवले तर शंभर पोत्यांची पासष्ट-सत्तर होतात आणि सात-आठ टनांचा धूर पाचच्या आत येतो.

सागवान विकू नका

आता खास किनवटकरांसाठी. आपला तालुका सागवानाचा. जुन्या घरांत, माळवदांत, वाड्यांत सागाच्या तुळया, खांब, चौकटी आहेत. घरकुल मंजूर झाले की पहिले काम जुने घर पाडायचे, आणि पाडलेले लाकूड कवडीमोलाने व्यापाऱ्याला द्यायचे. शहरात तीच चौकट पॉलिश करून दिवाणखान्यात लागते! सुक्या लाकडाचे निम्मे वजन कर्बाचे असते. एक घनमीटर, म्हणजे पस्तीस घनफूट, सागाने हवेतला टनभराहून जास्त कर्बवायू धरून ठेवलेला असतो. ते लाकूड घरात राहिले तोवर तो वायू कोंडलेला. चुलीत गेले की मोकळा. म्हणून जुनी तुळई नव्या घरात घाला. दारे-खिडक्यांना लोखंडी चौकट विकत आणण्याआधी जुनी घासून पाहा. आपल्याच बांधावर चार साग, शेताच्या कडेला बांबूचे बेट लावा. २०१७ च्या कायदा दुरुस्तीनंतर वनाबाहेरचा बांबू कायद्याने 'झाड' राहिलेला नाही, तो तोडायला-न्यायला अडचण नाही. बोरॅक्स आणि बोरिक ॲसिडच्या पाण्यात मुरवलेला बांबू किडत नाही. वर कवेलू किंवा पत्रा घालायला त्याचे वासे उत्तम होतात. हे लाकूड जंगलातून रात्री आणायचे नाही, एवढे सांगायला नकोच.

आणि छताला चुना मारा. एप्रिल-मे महिन्यांत स्लॅब दिवसभर तापतो आणि रात्रभर तोच ताप खाली सोडतो. लेकरे घामेजतात, म्हातारी माणसे अंगणात बाज टाकतात. मग पंखा, मग कूलर, मग बिल. परळी-चंद्रपूरला त्यासाठी कोळसा जळतो. पांढरा चुना ऊन परतवतो, खोली काही अंशांनी थंड राहते. आपल्या सीमेपलीकडच्या तेलंगणाने तर २०२३ साली शीत छताचे धोरणच जाहीर केले. आपल्याकडे चुन्याला धोरण लागत नाही. एक बादली आणि कुंचा लागतो.

सरपंच मंडळींना, साहेबांना

घरकुल योजनेत घर पक्के हवे, नेहमीची देखभाल ठेवली तर किमान तीस वर्षे टिकणारे हवे. स्लॅबच हवा, कॉलमच हवेत, असे त्यात नाही. उलट स्थानिक साहित्य वापरा असेच सांगितले आहे. केंद्राच्या ग्रामविकास मंत्रालयाने आयआयटी दिल्ली आणि संयुक्त राष्ट्रांच्या मदतीने राज्याराज्यांतील स्थानिक घरांच्या नमुन्यांचा 'पहल' नावाचा संग्रहही काढला. मग अडते कुठे? अडते फोटोत. जोत्याचा फोटो, छताचा फोटो, त्यावर हप्ता. वेगळे काही दिसले की खालचा माणूस घाबरतो, "वर चालेल का?" म्हणतो, आणि लाभार्थी बिचारा शेजाऱ्यासारखेच बांधून मोकळा होतो. ही भीती काढायची जबाबदारी पंचायत समितीची आहे. पट्टे घातलेले, कॉलम नसलेले घर मान्य आहे, असे एक लेखी पत्र गावोगाव गेले तर निम्मे काम होईल.

गवंड्याला शिकवणे हे उरलेले निम्मे. त्याने पंधरा वर्षे कॉलमच ओतले, तर तो दुसरे काय सुचवणार? ग्रामीण गवंडी प्रशिक्षण योजनेत आहेच. त्यात विटांची पोकळ रचना आणि कौले घातलेला स्लॅब प्रत्यक्ष बांधून दाखवा. एक नमुना घर किनवटला, एक गोकुंद्याला उभे करा. लोक डोळ्यांनी पाहतील तेव्हाच विश्वास ठेवतील. आणि सुरुवात गरिबाच्या घरापासून करू नका, ग्रामपंचायतीच्या इमारतीपासून करा. अंगणवाडी, समाजमंदिर, शाळेची खोली ही बहुतेक एक मजलीच असते. सरकारी इमारत कॉलमशिवाय उभी राहिली की घरकुलवाल्याला धीर येईल.

किनवट तालुक्यातली पुष्कळ गावे अनुसूचित क्षेत्रात आहेत. पेसा कायद्याने ग्रामसभेला जे वजन दिले ते फक्त गौण खनिज आणि तेंदूपानांपुरते का ठेवायचे? येत्या ग्रामसभेत हे ठराव मांडून पाहा. एक: गावातील एक मजली घरकुले कॉलमशिवाय पण पट्ट्यांसह बांधण्यास मान्यता मिळावी. दोन: जुन्या घराचे सागवान नव्या घरात वापरावे. तीन: भट्टीसाठी पिकाऊ शेतातील माती देऊ नये. चार: गावातील प्रत्येक सार्वजनिक स्लॅबला दर उन्हाळ्यापूर्वी चुना मारावा. चारही ठरावांना गावाचा फारसा खर्च नाही.

राहता राहिला प्रश्न मानाचा. मातीची, लाकडाची गोष्ट काढली की काही जणांना वाटते, आपल्याला मागे ढकलतात. ज्याने गळक्या छपराखाली चाळीस पावसाळे काढले त्याला स्लॅबची हौस असणारच, आणि त्याला हसण्याचा अधिकार कोणालाही नाही. पण मान स्लॅबच्या जाडीत नसतो. न गळणारे, न पडणारे, उन्हाळ्यात झोप देणारे आणि सावकाराच्या वहीत नाव न चढवणारे घर, यालाच पक्के घर म्हणावे. तसे घर आपल्याच मुरमातून, आपल्याच सागा-बांबूतून आणि थोडक्या सिमेंटमधून उभे राहते. पुढच्या हप्त्याचे पैसे खात्यात पडण्याआधी, कॉलमचे खड्डे खोदण्याआधी, अभियंत्याला आणि गवंड्याला समोरासमोर बसवून एवढा हिशेब तेवढा मांडून घ्या.